कॉस्मेटिक सर्जरी बिघडली तर: सहीच्या आधीपासून आयोगाच्या निकालापर्यंत काय करावं

नाक वाकडं बसलं, पोटावर चर पडले, टाळूवर केसांऐवजी खपल्या राहिल्या की माणूस पहिल्यांदा फोटो काढतो आणि म्हणतो, ‘हे बघा, आणखी काय पुरावा हवा?’ ग्राहक आयोगापुढे एवढ्यावर भागत नाही. डॉक्टरांचा वकील उभा राहून सांगतो की सूज उतरायला वेळ लागतो, प्रत्येकाची कातडी वेगळी असते, आणि या सगळ्या शक्यता लिहिलेल्या संमतीपत्रावर बाईंची सही आहे. सर्जनचा हात चुकला हे सिद्ध करायला दुसरा सर्जन साक्षीला लागतो, आणि आपल्याच व्यवसायातल्या माणसाविरुद्ध लिहून द्यायला फार थोडे तयार होतात.

म्हणून या लेखाचा सगळा भर दुसऱ्या बाजूवर आहे. शस्त्रक्रिया करणारा त्यासाठी पात्र होता का? रुग्णाने नेमकी कशाला संमती दिली होती? धोके सांगितले होते का? मागूनही कागद का दिले नाहीत? या प्रश्नांची उत्तरं कागदावर असतात किंवा नसतात, आणि दोन्ही गोष्टी तक्रारदाराच्या कामाच्या असतात. हाताच्या कौशल्यावरचा वाद वर्षानुवर्षं चालतो. कागदावरचा वाद त्या मानाने लवकर उभा राहतो आणि टिकतो.

आधी स्वतःशी प्रामाणिकपणे ठरवा: हे नेमकं काय आहे?

तीन वेगळ्या गोष्टी लोक एकाच नावाखाली घालतात. पहिली म्हणजे नाराजी: नाक सरळ झालं, पण मनातलं झालं नाही. दुसरी म्हणजे गुंतागुंत. लायपोसक्शननंतर (नळीने चरबी शोषून काढल्यावर) पाणी साठणं, पोटाच्या शस्त्रक्रियेनंतर जखमेची कड काळी पडणं, स्तनातल्या इम्प्लांटभोवती कडक कवच तयार होणं, हे उत्तम सर्जनच्या हातूनही घडतं. तिसरी म्हणजे निष्काळजीपणा: त्या शाखेतला सर्वसाधारण कुशल डॉक्टर जेवढी काळजी घेतो तेवढी न घेणं, आणि त्यामुळेच इजा होणं. कायद्याला तिसऱ्या गोष्टीशी देणंघेणं आहे. सर्वोच्च न्यायालयाने जेकब मॅथ्यू खटल्यात (२००५) हा निकष पक्का केला. परिणाम वाईट आला एवढ्यावरून डॉक्टर दोषी ठरत नाही.

पण गुंतागुंत आणि निष्काळजीपणा यांच्यामध्ये एक जागा आहे आणि बहुतेक खरी प्रकरणं तिथेच असतात: गुंतागुंत अपरिहार्य होती, तिची दखल घेतली गेली नाही. फिलरचं, म्हणजे खळगे-सुरकुत्या भरण्याच्या इंजेक्शनचं, उदाहरण घ्या. हायल्युरॉनिक आम्लाचं फिलर चुकून रक्तवाहिनीत गेलं तर त्या भागाची कातडी पांढरीफटक पडते, मग जाळीदार निळसर होते आणि बहुधा दुखतं. नाक आणि भुवयांमधल्या भागात तर दृष्टी जाण्याचा धोका असतो. असं घडणं म्हणजेच निष्काळजीपणा, असं म्हणता येत नाही. पण ते विरघळवणारं हायल्युरोनिडेज नावाचं इंजेक्शन क्लिनिकमध्येच नसणं, किंवा रात्री दहाला फोटो पाठवल्यावर ‘बर्फ लावा, सकाळी या’ असा निरोप येणं, याला गुंतागुंत म्हणत नाहीत. तो व्हॉट्सॲप निरोप हाच पुरावा.

नाराजीच असेल तर घाई नको. नाकाची सूज, विशेषतः शेंड्याची, पूर्ण उतरायला साधारण वर्ष लागतं, आणि दुरुस्तीची शस्त्रक्रिया सहसा त्याआधी करत नाहीत. मात्र वाट बघताना मुदतीचं घड्याळ चालू असतं, हे पुढे येईलच.

सहीच्या आधी: डॉक्टर कोण?

‘कॉस्मेटॉलॉजिस्ट’, ‘एस्थेटिक फिजिशियन’, ‘स्किन एक्स्पर्ट’ या पाट्यांवरून पात्रता कळत नाही. विचारायचं ते पदवीचं नाव. शस्त्रक्रियेसाठी एमएसनंतरचं प्लास्टिक सर्जरीतलं एमसीएच किंवा त्या तोडीचं डीएनबी. त्वचेच्या प्रक्रियांसाठी त्वचारोगातलं एमडी, डीएनबी किंवा पदविका. महाराष्ट्र मेडिकल कौन्सिलचा नोंदणी क्रमांक घ्या आणि कौन्सिलच्या संकेतस्थळावर किंवा राष्ट्रीय वैद्यकीय आयोगाच्या ऑनलाइन नोंदवहीत नाव, पदवी, वर्ष जुळतं का ते पाहा. डॉक्टरने हा क्रमांक प्रिस्क्रिप्शनवर आणि पावतीवर छापणं २००२ च्या आचारसंहितेनुसार बंधनकारक आहे. क्रमांक विचारल्यावर तोंड वाकडं करणाऱ्या जागेतून तिथल्या तिथे निघालेलं बरं.

केस रोपणाबाबत तर नियामकाने स्पष्टच लिहिलंय. सप्टेंबर २०२२ मध्ये राष्ट्रीय वैद्यकीय आयोगाने सूचना काढल्या की ही शस्त्रक्रिया आहे, रीतसर प्रशिक्षण घेतलेल्या डॉक्टरनेच ती करायची, आणि कार्यशाळेत किंवा यूट्यूबवर बघून घेतलेलं ज्ञान पुरेसं नाही. प्रत्यक्षात अनेक ठिकाणी डॉक्टर सुरुवातीला पाच मिनिटं दिसतो आणि पुढचे सहा-सात तास तंत्रज्ञ काम करतात. म्हणून थेट विचारा: चिरे कोण देणार, भुलेचं इंजेक्शन कोण देणार, पूर्ण वेळ खोलीत कोण असणार? उत्तर व्हॉट्सॲपवर लिहून मागा. मार्च २०१९ मध्ये पवईतल्या एका ४३ वर्षांच्या व्यावसायिकाचा केस रोपणानंतर मृत्यू झाला होता. ‘केसच तर आहेत’ म्हणणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावं.

पात्रतेचा मुद्दा एवढा का लावून धरायचा? पूनम वर्मा खटल्यात (१९९६) सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की होमिओपॅथीची पदवी असणाऱ्याने ॲलोपॅथीचे उपचार केले, तर तो स्वतःच निष्काळजीपणा ठरतो. म्हणजे आपल्या शाखेबाहेर जाणाऱ्याच्या बाबतीत हात कुठे चुकला हे शोधत बसावं लागत नाही.

पुढचा प्रश्न जागेचा. शस्त्रक्रिया जिथे होणार ते ठिकाण महाराष्ट्र शुश्रूषागृह नोंदणी कायद्याखाली नोंदलेलं आहे का? नोंदणीचं प्रमाणपत्र दर्शनी भागात लावलेलं असावं. २०२१ च्या सुधारित नियमांनुसार रुग्णहक्कांची सनद आणि दरपत्रकही लावायला हवं. भूलतज्ज्ञ स्वतंत्र असणार का, तब्येत बिघडल्यास कोणत्या अतिदक्षता विभागात नेणार, तिथवर अंतर किती? मे २०२२ मध्ये बंगळुरूत २१ वर्षांच्या एका कन्नड टीव्ही अभिनेत्रीचा चरबी काढण्याच्या शस्त्रक्रियेनंतर मृत्यू झाला, तेव्हा क्लिनिकमधल्या अशाच सोयींवर बोट ठेवलं गेलं होतं. लायपोसक्शनमध्ये एका बैठकीत पाच लिटरहून जास्त काढायचं ठरत असेल तर ते मोठं ऑपरेशन आहे, रात्रभर देखरेख हवी. ‘सकाळी या, दुपारी घरी जा’ ही तिथे जाहिरातीची भाषा झाली.

पैसे: रोखीचा मोह

हा भाग लहान वाटतो, पण इथेच बरीच प्रकरणं आधीच मरतात. आजारावरच्या उपचारांना जीएसटी नाही. केस रोपण आणि कॉस्मेटिक सर्जरीला मात्र आहे. जन्मजात व्यंग, अपघात किंवा भाजल्यामुळे बिघडलेला अवयव दुरुस्त करायचा असेल तेवढ्यालाच सूट. त्यामुळे क्लिनिकचा काउन्सेलर हळूच सुचवतो, ‘रोख दिलंत तर जीएसटी वाचेल.’ काही हजार वाचतात आणि बदल्यात तुम्ही ग्राहक असल्याचा पुरावा जातो. इंडियन मेडिकल असोसिएशन विरुद्ध व्ही. पी. शांता या १९९५ च्या निकालाने डॉक्टरांची सेवा ग्राहक कायद्यात आणली, पण ती मोबदला घेऊन दिलेली सेवा. पावतीच नसेल तर मोबदला दाखवणार कसा? बिल घ्या, त्यावर प्रक्रियेचं पूर्ण नाव लिहून घ्या. नुसतं ‘स्किन पॅकेज’ असं लिहिलेलं बिल निम्मं निरुपयोगी.

साखळी क्लिनिकांमध्ये करार कंपनीशी होतो, डॉक्टर कंत्राटी असतो, हप्त्याचं कर्ज तिसऱ्याच वित्तसंस्थेचं असतं. तिघांचीही नावं आणि कागद जपून ठेवा. उपचार अर्धवट राहिले तरी हप्ते कापले जात राहतात आणि मग कोणीच कोणाला ओळखत नाही.

मेडिक्लेमच्या भरवशावर राहू नका. कॉस्मेटिक शस्त्रक्रिया विम्याच्या नेहमीच्या वगळलेल्या बाबींमध्ये येते आणि तिच्यातून उद्भवलेल्या त्रासाच्या दाव्यावरही विमा कंपनी हेच कलम दाखवते. डॉक्टरकडे व्यावसायिक दायित्वाचा विमा आहे का, आणि त्यात कॉस्मेटिक प्रक्रिया धरल्या आहेत का, हे विचारायला संकोच करू नका. नुकसानभरपाई शेवटी कुठून तरी यायची असते.

संमतीपत्र: सहीआधीचा एक दिवस

टेबलावर झोपवून, हाताला सलाइन लावून पुढे सरकवलेला इंग्रजी फॉर्म ही आपल्याकडची सर्रास पद्धत. संमती अशी घ्यायची नसते. आदल्या दिवशी फॉर्म मागा, मराठीत मागा, घरी वाचा. त्यात प्रक्रियेचं नेमकं नाव, शस्त्रक्रिया करणाऱ्याचं नाव, भुलेचा प्रकार, तुमच्या बाबतीतले खास धोके आणि शस्त्रक्रिया न करण्याचाही पर्याय असायला हवा. रिकाम्या जागा असतील तर त्यावर आडवी रेघ मारा आणि मगच सही करा. सहीनंतर मोबाइलवर प्रत्येक पानाचा फोटो घ्या. कुणी हरकत घेतली तर ती हरकतच पुरेशी बोलकी आहे.

समीरा कोहली खटला (२००८) यासाठी माहीत हवा. दिल्लीतल्या या महिलेने तपासणीपुरत्या दुर्बीण-शस्त्रक्रियेला संमती दिली होती. ती भुलेखाली असताना बाहेर बसलेल्या आईची संमती घेऊन गर्भाशय आणि बीजकोश काढले गेले. न्यायालयाने सांगितलं की तपासणीची संमती ही शस्त्रक्रियेची संमती होत नाही, आणि रुग्ण सज्ञान असून थोड्या वेळाने शुद्धीवर येणार असताना दुसऱ्याची सही चालत नाही. डॉक्टरचा हेतू चांगला होता, निदानही बरोबर होतं, तरीही. आता हे कॉस्मेटिकला लावून बघा: नाकासाठी भूल दिली आणि ‘हनुवटी पण जरा नीट केली’, पोटाबरोबर मांड्यांचीही चरबी काढली आणि बिलात जोडली. जीव वाचवण्यासाठी लगेच काही करावं लागलं तर गोष्ट वेगळी. सौंदर्याच्या शस्त्रक्रियेत तशी निकड जवळपास कधीच नसते, त्यामुळे इथे संमतीचं माप अधिक कडक लावलं जावं असं माझं मत आहे.

फोटोंची संमती वेगळी असते. उपचाराच्या नोंदीसाठी फोटो काढणं योग्यच, किंबहुना ते आधीचे फोटो तुमच्याही कामाचे. ते इन्स्टाग्रामवर टाकण्याची परवानगी मात्र फॉर्मच्या तळाशी बारीक अक्षरात दडवलेली असते. ती ओळ खोडा, शेजारी सही करा.

आणि तुमच्या बाजूचं कर्तव्य: दमा, ॲलर्जी, रक्त पातळ करणाऱ्या गोळ्या, गर्भनिरोधक गोळ्या, सिगारेट, काहीही लपवू नका. धूम्रपानाने कातडीचा रक्तपुरवठा आक्रसतो आणि ओढून शिवलेली जखम सडू शकते. लपवलेली गोष्ट पुढे उलटतपासणीत निघाली की बाकीच्या खऱ्या गोष्टींवरचाही विश्वास उडतो.

शस्त्रक्रियेच्या दिवशी मागायच्या वस्तू

इम्प्लांट बसवलं असेल तर त्याच्या खोक्यावरचं स्टिकर, ज्यावर कंपनी, प्रकार, बॅच आणि अनुक्रमांक असतो. फिलर किंवा बोटॉक्स असेल तर कुपीचं स्टिकर, आणि कुपी तुमच्यासमोर उघडायला सांगा. हे लाड नाहीत. फ्रान्सच्या पीआयपी कंपनीने वर्षानुवर्षं औद्योगिक दर्जाचं सिलिकॉन भरलेले इम्प्लांट जगभर विकले. २०१० मध्ये ते बाजारातून काढले गेले आणि २०१३ मध्ये संस्थापकाला चार वर्षांची शिक्षा झाली. जुलै २०१९ मध्ये ॲलर्गन कंपनीने खरबरीत पृष्ठभागाचे इम्प्लांट एका दुर्मीळ कर्करोगाशी असलेल्या संबंधामुळे जगभरातून परत मागवले. तेव्हा आपल्या अंगात काय आहे, हे ज्यांच्याकडे स्टिकर होतं त्यांना घरबसल्या कळलं.

डिस्चार्ज कार्डावर काय केलं ते लिहिलेलं असावं, कोणत्या लक्षणांवर लगेच यायचं तेही. पुढच्या तपासण्यांच्या तारखा पाळा. ‘रुग्ण परत आलाच नाही’ हा बचाव पक्षाचा आवडता मुद्दा आहे.

बिघडलं आहे असं वाटल्यावर

पहिलं काम वैद्यकीय. दम लागणं, छातीत दुखणं, एका पायाला सूज, ताप आणि जखमेतून पू, फिलरनंतर कातडी पांढरी पडणं किंवा अंधुक दिसणं: यात मूळ क्लिनिकची वाट बघायची नाही, जवळच्या मोठ्या रुग्णालयात जायचं. शक्य असेल तर सरकारी रुग्णालय निवडा. मुंबईत जेजे, केईएम, शीव, नायर, पुण्यात ससून, गोव्यात बांबोळीचं वैद्यकीय महाविद्यालय इथे प्लास्टिक सर्जरीचे विभाग आहेत. तिथल्या केस पेपरवर आलेली नोंद कोणाच्याही बाजूची नसते, म्हणून ती वजनदार ठरते. डॉक्टरला ‘चूक झाली असं लिहून द्या’ म्हणू नका, ते लिहिणार नाहीत. ‘आज काय दिसतंय, कशामुळे असू शकतं आणि काय करावं लागेल’ एवढंच सविस्तर लिहून मागा.

त्याच आठवड्यात मूळ क्लिनिककडे सर्व कागदांसाठी लेखी अर्ज द्या: केस पेपर, संमतीपत्र, शस्त्रक्रियेची टिपणी, भुलेचा तक्ता, परिचारिकांच्या नोंदी, आधीचे-नंतरचे फोटो, बिलं. अर्जाच्या प्रतीवर पोच घ्या. देत नसतील तर रजिस्टर पोस्टाने पाठवा आणि ईमेलही करा. २००२ च्या आचारसंहितेनुसार मागणीनंतर ७२ तासांत कागद द्यायला हवेत आणि दाखल रुग्णांचे कागद उपचार सुरू झाल्यापासून तीन वर्षं जपायला हवेत. अर्ज लवकर देण्यामागे आणखी एक हिशेब आहे. वकिलाची नोटीस गेल्यानंतर मिळालेल्या कागदांत कधी कधी शाई फारच ताजी असते. न देणं हीही सेवेतली कमतरता ठरते, त्यामुळे अर्जाची पोच वाया जात नाही.

फोटो दर काही दिवसांनी, एकाच प्रकाशात, एकाच कोनातून, फिल्टरशिवाय काढा. मूळ फाइल जपून ठेवा, कारण व्हॉट्सॲपने पाठवलेल्या प्रतीतून तारीख-वेळेची माहिती निघून जाते. क्लिनिकशी झालेले संवाद पुसू नका आणि फोन बदलायचा असेल तर आधी बॅकअप घ्या. इलेक्ट्रॉनिक पुरावा दाखल करताना भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ६३ चं प्रमाणपत्र जोडावं लागतं, वकिलाला आठवण करा. पुढच्या उपचारांची प्रत्येक पावती, रजेमुळे कापलेल्या पगाराची स्लिप, रिक्षाभाड्याचीही नोंद ठेवा. भरपाईचा आकडा हवेतून मागता येत नाही.

मृत्यू झाला असेल तर शवविच्छेदन. घरचे या वेळी कोणत्या अवस्थेत असतात ते सांगायला नको, पण विच्छेदनाशिवाय मृत्यूचं कारण पुढे कधीच ठरत नाही. पोलिसांत अकस्मात मृत्यूची नोंद करून सरकारी रुग्णालयात विच्छेदनाचा आग्रह धरा.

दोन गोष्टी टाळा. क्लिनिकमध्ये तोडफोड, धक्काबुक्की: महाराष्ट्रात २०१० पासून त्यासाठी स्वतंत्र कायदा आहे, तीन वर्षांपर्यंत कैद आणि नुकसानीच्या दुप्पट भरपाई. तक्रारदाराचा आरोपी व्हायला दहा मिनिटं पुरतात. दुसरी गोष्ट, नाव घेऊन समाजमाध्यमांवर ‘खुनी डॉक्टर’ वगैरे लिहिणं. बदनामीची नोटीस येते आणि मूळ प्रश्न बाजूला राहतो.

क्लिनिकने पैसे परत देऊ केले तर? घ्यायला हरकत नाही, पण ज्या कागदावर सही मागतात तो आधी वाचा. ‘यापुढे कोणतीही तक्रार राहणार नाही’ हे वाक्य बहुधा त्यात असतं. दुरुस्तीचा खर्च किती येणार हे दुसऱ्या सर्जनकडून लेखी कळेपर्यंत सही करू नका. दुरुस्ती अनेकदा मूळ शस्त्रक्रियेहून महाग पडते.

दाद कुठे मागायची

पैसे हवे असतील तर ग्राहक आयोग. डॉक्टरवर शिस्तीची कारवाई हवी असेल तर मेडिकल कौन्सिल, जी नाव काही काळासाठी नोंदवहीतून काढू शकते पण एक रुपयाही मिळवून देत नाही. शिक्षा हवी असेल तर पोलीस. एकाच वेळी तिन्ही दारं ठोठावता येतात, पण ताकद एका ठिकाणी लावावी, आणि ती आयोगात लावावी असं मला वाटतं.

पोलिसांबद्दल थोडं. मृत्यूच्या प्रकरणात भारतीय न्याय संहितेचं कलम १०६ (निष्काळजीपणामुळे मृत्यू) लागतं, आणि वैद्यकीय प्रक्रिया करताना नोंदणीकृत डॉक्टरकडून ते घडलं तर कमाल शिक्षा दोन वर्षं. जिवंत रुग्णाच्या बाबतीत कलम १२५ (बेपर्वाईने दुसऱ्याचा जीव धोक्यात घालणं). यात एक बारकावा आहे: डोक्याचं किंवा चेहऱ्याचं कायमचं विद्रूपीकरण कलम ११६ प्रमाणे ‘गंभीर दुखापत’ ठरतं, त्यामुळे कलम १२५ चा जड भाग, तीन वर्षांपर्यंतच्या शिक्षेचा, लागू शकतो. पण जेकब मॅथ्यू निकालानुसार फौजदारी गुन्ह्यासाठी निष्काळजीपणा ढोबळ, डोळ्यांत भरणारा हवा, आणि कारवाईआधी पोलिसांनी स्वतंत्र, शक्यतो सरकारी सेवेतल्या डॉक्टरांचं मत घ्यायला हवं. ते मत येण्यात महिनोन्महिने जातात. पदवीच नसलेल्या माणसाने चाकू चालवला असेल तेव्हा मात्र पोलिसांकडे आधी जा. त्याला डॉक्टरांसाठीचं हे संरक्षण कशाला?

आता आयोग. ग्राहक संरक्षण कायदा २०१९ प्रमाणे अधिकारक्षेत्र तुम्ही मोजलेल्या रकमेवर ठरतं, मागितलेल्या भरपाईवर नाही. ५० लाखांपर्यंत मोबदला असेल तर जिल्हा आयोग, म्हणजे जवळपास सगळी कॉस्मेटिक प्रकरणं. मोबदला पाच लाखांपर्यंत असेल तर शुल्क शून्य. शस्त्रक्रिया मुंबईत झाली आणि तुम्ही सांगलीत राहत असाल तर तक्रार सांगलीत दाखल करता येते; ही २०१९ च्या कायद्याची फार मोठी सोय आहे. ऑनलाइन दाखल करायला २०२५ पासून ई-जागृती पोर्टल आहे, प्राथमिक मार्गदर्शनासाठी १९१५ हा क्रमांक आहे. वकील सक्तीचा नाही. मुंबई ग्राहक पंचायतीसारख्या संस्था तक्रार लिहायला मदत करतात. तरीही वैद्यकीय प्रकरणात वकील घ्यावा, आणि तो वैद्यकीय कागद वाचता येणारा घ्यावा. इस्तंबूलला जाऊन केस लावून आलेल्यांना मात्र यातलं फारसं काही उपयोगी पडत नाही. तिथल्या क्लिनिकला इथल्या आयोगाची नोटीस बजावणं आणि पुढे वसुली करणं जवळजवळ अशक्य.

मुदत दोन वर्षांची. ती कधी सुरू होते यावर वाद झडतात, आणि त्यासाठी गोव्यातल्या एका परिचारिकेचं प्रकरण वाचण्यासारखं आहे. १९९३ मध्ये मुंबईत तिची पित्ताशयाची शस्त्रक्रिया झाली. पोट दुखत राहिलं, ती गोळ्या घेत राहिली. २००२ मध्ये दुसऱ्या शस्त्रक्रियेत पोटातून जुना गॉझ निघाला. २००४ मध्ये तिने तक्रार केली. सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये ती मुदतबाह्य ठरवली: इजा लपलेली असेल तर ती कळल्यापासून मुदत धरता येते, पण स्वतः परिचारिका असून नऊ वर्षं दुखणं अंगावर काढलं आणि मूळ सर्जनकडे गेलीच नाही, हे न्यायालयाला पटलं नाही. निकाल कठोर वाटतो, मलाही वाटतो. पण धडा सरळ आहे: शस्त्रक्रियेच्या तारखेपासून दोन वर्षं धरून चला. ‘डॉक्टर म्हणाले अजून सहा महिने थांबा’ असं तीनदा झालं की पाऊण मुदत संपते. उशीर झालाच तर विलंबमाफीचा अर्ज सबळ कारणासह देता येतो.

तक्रारीत सामनेवाले (ज्यांच्याविरुद्ध तक्रार आहे ते) म्हणून कंपनी, क्लिनिक, सर्जन आणि गरज असेल तर भूलतज्ज्ञ या सर्वांना घ्या. सविता गर्ग निकालाने (२००४) रुग्णालयाची जबाबदारी स्पष्ट केली आहे. एखाद्या डॉक्टरचं नाव राहिलं म्हणून तक्रार फेटाळली जात नाही, पण संधी कशाला द्यायची? त्याआधी १५ किंवा ३० दिवसांची नोटीस पाठवण्याचा प्रघात आहे. बंधन नाही, मात्र उत्तर आलं तर समोरच्याचा बचाव आधीच कळतो.

तक्रारीचा मसुदा तारखांच्या क्रमाने, कोरडा असावा. ‘माझं आयुष्य उद्ध्वस्त झालं’ एकदाच लिहा. मुद्दे या क्रमाने मांडले तर पकड येते: जाहिरातीत किंवा काउन्सेलरच्या निरोपात काय आश्वासन होतं, शस्त्रक्रिया कोणी केली आणि त्याची पात्रता काय, संमती कशाला होती आणि प्रत्यक्ष काय केलं, त्रास कळवल्यावर काय प्रतिसाद मिळाला, कागद मागितल्यावर काय झालं. हाताचं कौशल्य सर्वांत शेवटी. ‘शंभर टक्के रिझल्ट’ असं लिहून दिलेलं असेल तर तो अनुचित व्यापारी प्रथेचा वेगळा मुद्दा होतो. डॉक्टरांवर जाहिरातबाजीची बंधनं आहेत. कंपन्यांच्या होर्डिंगना ती लागत नाहीत अशी पळवाट काढली जाते, पण दिशाभूल करणाऱ्या जाहिरातीबद्दल ग्राहक कायदा कंपनीलाही सोडत नाही.

तज्ज्ञाचं मत प्रत्येक प्रकरणात लागतंच असं नाही. व्ही. किशन राव निकालाने (२०१०) हे सांगितलं आहे. संमतीच नव्हती, पदवीच नव्हती, भलतीच बाजू कापली, अशा गोष्टींना सर्जनची साक्ष कशाला? तंत्राचा वाद असेल तेव्हा मात्र मत हवंच; खासगी डॉक्टर देत नसेल तर आयोगाकडे अर्ज करून सरकारी रुग्णालयाच्या समितीकडे कागद पाठवून घेता येतात.

पुढचा प्रवास असा: नोटीस मिळाल्यावर समोरच्याला लेखी उत्तरासाठी ३० दिवस, फार तर आणखी १५, त्यापलीकडे आयोगही मुदत वाढवू शकत नाही. मग दोन्ही बाजूंची पुरावा-शपथपत्रं, लेखी युक्तिवाद, तोंडी युक्तिवाद. मध्ये मध्यस्थीचा प्रस्ताव येऊ शकतो. कायद्यात तीन ते पाच महिन्यांत निकालाची अपेक्षा आहे. प्रत्यक्षात काही वर्षांची तयारी ठेवा. निकाल विरुद्ध गेला तर ४५ दिवसांत राज्य आयोगात अपील. जिंकलात आणि डॉक्टर अपिलात गेले, तर त्यांना आदेशातली निम्मी रक्कम आधी भरावी लागते. आदेश होऊनही पैसे दिले नाहीत तर वसुलीचा अर्ज वेगळा करायचा असतो, आणि कलम ७२ खाली शिक्षेचाही: किमान एक महिना ते तीन वर्षं कैद, किंवा २५ हजार ते एक लाख दंड, किंवा दोन्ही. बहुतेक ठिकाणी हा दुसरा अर्ज दाखल झाला की धनादेश निघतो.